डोळ्यांनी पाहिलेला इतिहास : माहितीपट आणि वयोवृद्ध साक्षीदार

ऐतिहासिक माहितीपटात बोलणारा वयोवृद्ध साक्षीदार एकाच वेळी दोन काळांविषयी सांगत असतो. एक काळ घटनेचा. तेव्हा तो दहा वर्षांचा शाळकरी मुलगा असेल, विशीतला कार्यकर्ता असेल, नुकतीच लग्न होऊन पेठेत आलेली सून असेल. दुसरा काळ सांगण्याचा. मधल्या पन्नास-साठ वर्षांत ऐकलेले, वाचलेले, मुलानातवंडांना सांगितलेले बरेच काही त्या आठवणीत मुरलेले असते. सरकारी दप्तरातला कागद घटनेच्या वेळी लिहिला जातो आणि पुढे तसाच राहतो. आठवण माणसाबरोबर जगते, काही ठिकाणी वाढते, काही ठिकाणी झिजते. साक्ष कोणाची घ्यावी, काय विचारावे, तिच्यावर कितपत भिस्त ठेवावी आणि चित्रीकरणातले काय जपून ठेवावे, हे माहितीपटापुढचे सारे प्रश्न या एका फरकातून निघतात.

पुण्यात कागद की आठवण हा वाद सव्वाशे वर्षांचा आहे. वि. का. राजवाडे यांनी १८९८ मध्ये 'मराठ्यांच्या इतिहासाची साधने' या मालेचा पहिला खंड प्रसिद्ध केला. त्यात पानिपतच्या काळातली पत्रे होती, आणि लांबलचक प्रस्तावनेत त्या पत्रांच्या आधारे बखरींमधल्या चुकांची झाडाझडती होती. घटना होऊन गेल्यावर स्मरणाने किंवा ऐकिवावरून रचलेली बखर एकीकडे आणि घटनेच्या धामधुमीत लिहिलेले पत्र दुसरीकडे. यांत पत्राला मान, हा दंडक तेव्हापासून मराठी इतिहाससंशोधनात पक्का झाला. १९१० मध्ये राजवाडे आणि खं. चिं. मेहेंदळे यांनी स्थापन केलेल्या भारत इतिहास संशोधक मंडळाने दप्तरे, रुमाल आणि मोडी कागद गोळा करण्याचे जे प्रचंड काम उभे केले, त्यामागे हीच शिस्त होती. या शिस्तीचे ऋण मोठे आहे. तिच्यामुळे अस्सल साधनाची कदर करायला महाराष्ट्र शिकला. मात्र तिची दुसरी बाजूही आहे. जिवंत माणसाच्या तोंडची हकीकत दुय्यम ठरली, आणि ज्यांच्या घरात दप्तर नव्हते, रुमाल नव्हते, लिहिणारा माणूसच नव्हता, त्यांचा इतिहास मागे पडला.

तरीही प्रत्यक्षदर्शीचे महत्त्व ओळखणारी माणसे याच परंपरेत होती. वरसईचे विष्णुभट गोडसे १८५७ मध्ये द्रव्यार्जनासाठी उत्तरेत गेले आणि बंडाच्या धामधुमीत सापडले. १८५८ मध्ये इंग्रज फौजेने झाशीला वेढा घातला तेव्हा ते झाशीत होते. सुमारे पंचवीस वर्षांनी, चिंतामण विनायक वैद्य यांच्या आग्रहावरून, त्यांनी हा प्रवास लिहून काढला. लेखकाच्या मृत्यूनंतर, १९०७ मध्ये, वैद्यांनी तो 'माझा प्रवास' या नावाने छापला, पण छापताना मजकुरावर आपला हात फिरवला. मूळ हस्तलिखिताबरहुकूम आवृत्ती दत्तो वामन पोतदार यांनी काढली ती १९६६ मध्ये. आजच्या माहितीपटकारापुढचे बहुतेक पेच या एका पुस्तकाच्या कहाणीत आधीच येऊन गेले आहेत. साक्षीदार आहे, पण सांगण्याला पाव शतक उशीर झाला आहे. सांगायला लावणारा कोणीतरी दुसरा आहे. राज्यकर्त्यांच्या भीतीमुळे बोलण्यावर दडपण आहे. संपादकाने सोयीसाठी फेरफार केले आहेत. आणि मूळ नोंद कोणीतरी सांभाळून ठेवली म्हणूनच ते फेरफार पुढे उघड होऊ शकले आहेत.

दुसरे उदाहरण थेट पुण्याचे. लोकमान्य टिळकांच्या निधनानंतर सदाशिव विनायक बापट यांनी टिळकांना पाहिलेल्या, त्यांच्याबरोबर काम केलेल्या लोकांकडून आठवणी मागवल्या आणि १९२४ ते १९२८ या काळात त्यांचे तीन खंड प्रसिद्ध केले. मोठ्या नेत्यांबरोबर साध्या माणसांनाही तिथे जागा मिळाली. एकाच प्रसंगाच्या दोन हकीकती जुळत नसतील तर वाचकाला दोन्ही वाचायला मिळतात. ध्वनिमुद्रणाची साधने सहज हाताशी नसलेल्या काळात केलेले हे मौखिक इतिहासाचेच काम होते, आणि ते टिळकांच्या समकालीनांपैकी अनेक जण हयात असताना, वेळेवर झाले.

चित्रपटात साक्षीदाराला ही जागा मिळायला वेळ लागला. सुरुवातीचा ऐतिहासिक अनुबोधपट निवेदकाच्या आवाजावर चाले. पडद्यावर जुनी दृश्ये, छायाचित्रे, नकाशे, आणि वर सर्व काही ठाऊक असलेला एक भारदस्त आवाज. १९४८ मध्ये सुरू झालेल्या फिल्म्स डिव्हिजनचे चित्रपटगृहात मुख्य खेळाआधी दाखवले जाणारे लघुपट पाहिलेल्या पिढीला हा साचा चांगला आठवत असेल. १९६० च्या दशकात खांद्यावर घेता येणारा कॅमेरा आणि त्याच्याशी जोडून चालणारा ध्वनिमुद्रक आल्यावर माणसाच्या घरी जाऊन त्याचे बोलणे टिपणे सोपे झाले. मार्सेल ऑफ्युल्स यांनी १९६९ मध्ये जर्मन ताब्यातल्या एका फ्रेंच शहराची कहाणी तिथल्याच रहिवाशांच्या तोंडून मांडली. १९७३-७४ मध्ये ब्रिटिश दूरचित्रवाणीवर 'द वर्ल्ड ॲट वॉर' ही २६ भागांची मालिका आली. सेनापतींच्या बरोबरीने साधे सैनिक आणि बॉम्बवर्षावात सापडलेले नागरिक तिच्यात बोलले, आणि दूरचित्रवाणीवरच्या इतिहासाचा पुढचा नमुना बराचसा तिथे ठरला.

सर्वांत टोकाचा प्रयोग क्लोद लांझमान यांच्या 'शोआ' (१९८५) या नऊ तासांहून मोठ्या चित्रपटाचा. ज्यूंच्या संहाराविषयीच्या या चित्रपटात त्या काळचे एकही जुने दृश्य नाही. आहेत ती केवळ चित्रीकरणाच्या वेळची माणसे आणि चित्रीकरणाच्या वेळच्या जागा. ट्रेब्लिंकाच्या छावणीत मरणापूर्वी बायकांचे केस कापायला लावलेल्या अब्राहम बोंबा या न्हाव्याला लांझमान यांनी तेल अवीवमधल्या एका केशकर्तनालयात उभे केले. गिऱ्हाइकाच्या केसांवर कात्री चालवत तो बोलतो. एका जागी त्याला पुढे बोलवत नाही. तो थांबतो, विनवतो, आणि लांझमान त्याला बोलायलाच हवे असे सांगत राहतात. हातांना जुने काम दिले की आठवण कशी जागी होते, हे त्या दृश्यात दिसते. साक्षीदाराला कुठवर ताणावे हा प्रश्नही त्या दृश्याने कायमचा उभा करून ठेवला आहे.

मराठी मुलखात अशा साक्षींची सर्वांत समृद्ध जागा म्हणजे १९४२ नंतरचा भूमिगत लढा. सातारा-सांगलीकडच्या प्रतिसरकारची अधिकृत नोंद मुख्यतः ब्रिटिश पोलिसांच्या कागदांत आहे, आणि त्या कागदांत हे लोक दरोडेखोर आहेत. ७ जून १९४३ रोजी प्रतिसरकारच्या तुफान सेनेने शेणोलीजवळ पगाराची रक्कम नेणारी पुणे-मिरज गाडी अडवली. त्या मोहिमेतले कुंडलचे रामचंद्र श्रीपती लाड, म्हणजे कॅप्टन भाऊ, नव्वदी ओलांडल्यावर पत्रकार पी. साईनाथ आणि त्यांच्या 'परी' या संस्थेच्या चमूपुढे कॅमेऱ्यावर बोलले. आपण गाडी लुटली हे त्यांना मान्य नव्हते. इंग्रजांनी लुटलेला पैसा परत आणला, अशी त्यांची मांडणी होती. गाडी कुठे अडवली, कधी अडवली, हे कागदही सांगतो. ते काम करणाऱ्यांच्या लेखी त्याचा अर्थ काय होता, हे कागदात कुठेही नाही. कॅप्टन भाऊ २०२२ मध्ये गेले. पुण्याच्या लष्कर भागात २४ जानेवारी १९४३ रोजी कॅपिटल चित्रपटगृहात झालेल्या बॉम्बस्फोटासारख्या घटनांचेही असेच आहे. भूमिगतांचा नियमच असा की काही लिहून ठेवायचे नाही. त्यामुळे पोलिसांची बाजू दप्तरात राहिली आणि करणाऱ्यांची बाजू त्यांच्या स्मरणात.

गोवा मुक्तिलढ्यातले मोहन रानडे यांची कहाणी याहून चमत्कारिक. गोवा डिसेंबर १९६१ मध्ये स्वतंत्र झाला आणि रानडे पोर्तुगालच्या तुरुंगात राहिले ते जानेवारी १९६९ पर्यंत. ज्या मुक्तीसाठी शिक्षा भोगली, ती मुक्ती प्रत्यक्ष झाली तेव्हा हा माणूस हजारो मैल दूर कोठडीत होता. मुक्तीच्या दिवसाविषयी त्यांना विचारायचे तर प्रश्नच वेगळा हवा. पणजीत काय घडले हे त्यांनी पाहिलेले नव्हते. कैदेत बातमी कशी पोहोचते, हे मात्र त्यांच्याइतके कोणाला ठाऊक असणार? २०१९ मध्ये पुण्यात त्यांचे निधन झाले.

आठवणींचा माहितीपट चळवळींपुरताच असतो असे नाही. शिवेंद्रसिंह डुंगरपूर यांचा 'सेल्युलॉइड मॅन' (२०१२) पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाच्या पी. के. नायर यांच्याविषयी आहे. १९६४ मध्ये स्थापन झालेल्या या संग्रहालयात नायर सुरुवातीपासून होते, आणि दादासाहेब फाळक्यांच्या चित्रपटांचे उरलेसुरले तुकडे मिळवून जपण्यात त्यांचा वाटा मोठा होता. कोणती रिळे कुठून, कोणाच्या घरातून, कशा अवस्थेत आली याचा मोठा भाग त्यांच्या डोक्यात होता. २०१६ मध्ये ते गेले; तो भाग थोडाफार उरला तो या चित्रपटामुळे. आनंद पटवर्धन यांनी 'वसुधैव कुटुंबकम' (२०२३) मध्ये आपल्याच घरातल्या वृद्धांच्या, आईवडिलांच्या गप्पांमधून स्वातंत्र्यलढ्यातल्या एका कुटुंबाचे चित्र उभे केले. आंबेडकरी चळवळीतल्या स्त्रियांच्या बाबतीत हे काम पुस्तकरूपाने आधीच झाले होते. ऊर्मिला पवार आणि मीनाक्षी मून यांनी वयस्क कार्यकर्त्या स्त्रियांना त्यांच्या घरी गाठून, त्यांच्या मुलाखती घेऊन 'आम्हीही इतिहास घडवला' (१९८९) सिद्ध केले. तोवर यांतल्या कित्येकींना कोणी काही विचारलेच नव्हते. कागदाच्या दंडकाने जे हरवले असते ते काय, याचे उत्तर या पुस्तकात आहे.

पुण्यापुरता हा विषय सर्वांत स्पष्ट दिसतो तो पानशेतच्या पुरात.

बुधवार, १२ जुलै १९६१. आंबी नदीवरचे पानशेतचे मातीचे धरण पूर्ण झालेले नव्हते, तरी त्या पावसाळ्यात त्यात पाणी साठले. बांध खचू लागल्यावर लष्कराच्या जवानांनी रात्रभर वाळूची पोती रचली. सकाळी धरण फुटले. ते सगळे पाणी खाली खडकवासल्यात आले. १८७९ च्या सुमाराचे ते दगडी धरण काही तास तग धरून राहिले आणि मग तेही गेले. दुपारी मुठेला आलेल्या लोंढ्याने पुलाची वाडी, नारायण, शनिवार आणि कसबा या पेठांचे नदीकाठचे भाग, पलीकडे डेक्कनचा भाग आणि खाली संगमापर्यंतच्या वस्त्या पाण्याखाली घेतल्या. लकडी पुलावरून आणि नव्या पुलावरून पाणी गेले. मातीच्या भिंतींचे जुने वाडे भिजून एकामागून एक बसले. खडकवासल्याचा तलावच रिकामा झाल्याने पूर ओसरल्यावर शहराला पिण्याचे पाणी नव्हते, आणि लोक वाड्यांतल्या विहिरींकडे आणि पेशवाईतल्या कात्रजच्या नळाच्या हौदांकडे वळले. पुढे पूरग्रस्तांसाठी पत्र्याच्या अर्धगोल निसेन झोपड्या उभ्या राहिल्या, नव्या वसाहती झाल्या, आणि शहर नदीकाठ सोडून पसरू लागले. चौकशीसाठी न्या. बावडेकर यांचा आयोग नेमला गेला. त्याचे काम त्यांच्या निधनानंतर न्या. नाईक यांनी पुरे केले.

या घटनेचे कागद भरपूर आहेत. आयोगाचा अहवाल, वृत्तपत्रे, अभियंत्यांचे जबाब, छायाचित्रे. तरीही ज्याला आज पानशेतवर माहितीपट करायचा आहे तो साक्षीदार शोधतोच, आणि त्याला मिळतात त्या साक्षी बहुतेक लहान मुलांच्या असतात. हिशोब साधा आहे. १९६१ मध्ये दहा वर्षांचे असलेले मूल २०२५ मध्ये चौऱ्याहत्तर वर्षांचे आहे. त्या दिवशी पंचवीस वर्षांचा असलेला कारकून किंवा जवान एकोणनव्वदचा, आणि चाळिशीतला अधिकारी शंभरी ओलांडलेला. ज्यांनी निर्णय घेतले, ज्यांनी इशारा दिला किंवा द्यायला उशीर केला, ज्यांनी घर सोडायचे की नाही हे ठरवले, ती पिढी जवळपास संपली आहे. उरले आहे ते मुलांचे पानशेत. मधूनच सुटलेली शाळा, मोठ्यांचे घाबरलेले चेहरे, गच्चीवरून दिसलेले लाकडी सामान, पर्वतीकडे धरलेली वाट. या साक्षी खऱ्या आहेत, पण त्यांची उंची मुलाच्या डोळ्यांची आहे. धरण का फुटले, लोकांना वेळेवर का कळले नाही, याचे उत्तर त्यांच्याकडून मागणे हा त्यांच्यावर अन्याय आहे. आणि ते मागून वर पडद्यावर निष्कर्षासारखे मांडणे हा इतिहासावर अन्याय. तो भाग कागदांनीच सांगायला हवा.

मुलाच्या डोळ्यांना दिसलेले मात्र इतर कुठेच सापडत नाही. 'पाणी कुठवर आलं होतं?' असे विचारले की सांगणारा आकडा सांगत नाही. तो उठून उभा राहतो, भिंतीजवळ जातो आणि हात ठेवून दाखवतो. फळीपर्यंत, देवघराच्या कोनाड्यापर्यंत, जिन्याच्या अमक्या पायरीपर्यंत. काही जुन्या इमारतींवर त्या दिवशीची पाण्याची रेघ खुणेने जपलेली आहे. अशा खुणेशी तो हात पडताळून पाहता येतो आणि बहुधा फार फरक निघत नाही. घटिकेच्या बाबतीत गोंधळ जास्त. एक जण म्हणतो पाणी सकाळीच चढायला लागले, दुसरा म्हणतो जेवणानंतर. यात कोणी खोटे बोलत नाही. पानशेतचे पाणी आणि खडकवासल्याचे पाणी यांत काही तासांचे अंतर होते, आणि एका पेठेत ते नदीच्या बाजूने समोरून आले तर दुसरीकडे नाल्यातून मागून चढले. प्रत्येकाने आपापल्या दारातून पाहिले. अशी वीस-पंचवीस दारे नकाशावर मांडली तर त्या दिवशी पाणी शहरात कसे फिरले याचे जे चित्र मिळते, ते एकट्या अहवालातून मिळणे कठीण. साक्षी एकमेकींना खोडून काढतात म्हणून त्या टाकून देणारा माहितीपटकार हातातले सर्वांत मोलाचे साधन टाकून देत असतो.

स्मरणाच्या अभ्यासकांनी या गुंतागुंतीवर बरेच काम केले आहे. दहाव्या ते तिसाव्या वर्षाच्या दरम्यानचे प्रसंग म्हातारपणी इतर वयांतल्या प्रसंगांहून अधिक आठवतात, हे अनेक पाहण्यांत दिसले आहे. वयोवृद्ध साक्षीदाराच्या तरुणपणाच्या हकीकती ताज्या वाटतात त्याचे हे एक कारण. फ्रेडरिक बार्टलेट यांनी १९३२ मध्येच दाखवले होते की आठवताना मन जुने चित्र बाहेर काढत नाही, दर वेळी ते नव्याने रचते. एलिझाबेथ लॉफ्टस यांच्या १९७४ च्या प्रयोगात एकाच अपघाताची चित्रफीत पाहिलेल्या लोकांना वेग विचारला गेला. प्रश्नात गाड्या एकमेकींवर आदळल्या म्हटले की त्यांनी सांगितलेला वेग वाढला, नुसत्या लागल्या म्हटले की कमी झाला. मुलाखत घेणाऱ्याने एवढे एकच संशोधन लक्षात ठेवले तरी पुष्कळ. 'तेव्हा तुम्ही फार घाबरला असाल ना?' या प्रश्नाला होकारच येतो. 'मग काय केलंत?' या प्रश्नाला हकीकत येते.

चुकीच्या आठवणीलाही किंमत असते, हे इटालियन अभ्यासक आलेस्सांद्रो पोर्तेल्ली यांनी पटवून दिले. तेर्नी या पोलादाच्या गावी लुइजी त्रास्तुल्ली हा तरुण कामगार १९४९ मध्ये पोलिसांच्या गोळीबारात मारला गेला. नाटो कराराविरुद्धचा तो मोर्चा होता. पण गावातले कितीतरी जुने कामगार हा मृत्यू १९५३ मध्ये, मोठ्या कामगारकपातीविरुद्धच्या दंगलीत झाल्याचे सांगत. तारीख चुकली होती, आणि सगळ्यांची एकाच दिशेने चुकली होती. आपला माणूस एका करारापायी गेला यापेक्षा तो भाकरीच्या लढ्यात गेला, हे त्या गावाला अधिक खरे वाटत होते. कागदामुळे चूक कळली, आणि त्या चुकीमुळे गावाचे मन कळले. राजवाड्यांनी घालून दिलेली कागदाची शिस्त आणि पोर्तेल्ली यांची आठवणीविषयीची आस्था या एकमेकींच्या विरोधात नाहीत. पहिलीशिवाय दुसरी आंधळी होते. पुण्यासारख्या शहरात, जिथे पहिलीची परंपरा इतकी भक्कम आहे, तिथे दुसरीही उत्तम रुजायला हवी.

एवढे कळले की मुलाखतीच्या तयारीला अर्थ येतो. कॅमेरा घेऊन जाण्याआधी त्या दिवसांची वृत्तपत्रे, अहवाल आणि नकाशे वाचून झालेले असावेत. म्हणजे साक्षीदाराची परीक्षा घ्यायची असे नव्हे. तो ज्या गल्लीचे, दुकानाचे, शिक्षकांचे नाव घेईल ते ओळखता यावे आणि पुढचा प्रश्न सुचावा यासाठी ते वाचन. आधी एकदा कॅमेऱ्याशिवाय भेटणे चांगले, पण त्या भेटीत पूर्ण हकीकत ऐकून घेणे घातक. पहिल्यांदा सांगताना जी धडपड, जे थांबणे, जे मध्येच काहीतरी सुचणे असते, ते दुसऱ्या वेळी हरपते. जुनी छायाचित्रे शेवटी दाखवावीत. आधी दाखवली तर सांगणारा आपले पाहिलेले सोडून छायाचित्रातले सांगू लागतो, आणि पानशेतच्या बाबतीत हा धोका मोठा, कारण तीच ती छायाचित्रे दर १२ जुलैच्या सुमारास वर्तमानपत्रांत छापून आलेली असतात. सप्टेंबर २०१९ मध्ये आंबिल ओढ्याला आलेल्या पुराची दृश्येही घरोघरी दूरचित्रवाणीवर पाहिली गेली; नवा पूर जुन्या पुरात मिसळू नये याचीही काळजी घ्यावी लागते.

खोलीतल्या गोष्टी लहान असतात, पण त्यांवर साक्ष उभी राहते किंवा पडते. छताचा पंखा बंद केला नाही तर आवाज वाया जातो, आणि बंद केला तर ऐंशी वर्षांच्या माणसाला अर्ध्या तासात घाम फुटतो. म्हणून दर काही मिनिटांनी थांबून पंखा लावायचा, पाणी द्यायचे. शेजारच्या कुकरची शिट्टी, खालची रिक्षा, भाजीवाल्याची आरोळी आली की सांगणाऱ्याला तोडू नये. तेच वाक्य पुन्हा सांगायला लावले की ते पाठ केल्यासारखे येते. कानाचे यंत्र आहे का, कवळी बसते का, दुपारची झोप केव्हा, हे घरच्यांना आधी विचारून ठेवावे. सकाळी दहाचा सुमार बहुतेकांना मानवतो. बायको किंवा नवरा शेजारी बसून दुरुस्त्या करत असेल तर त्या व्यक्तीलाही मायक्रोफोन लावावा. 'अहो, तो डबा नव्हे, ट्रंक होती,' असे वाक्य कित्येकदा संपूर्ण मुलाखतीतले सर्वांत अचूक असते. पुरुष बहुधा पुलांविषयी, धरणाविषयी, पुढाऱ्यांविषयी बोलू लागतात. घर सोडताना बरोबर काय घेतले, चूल कुठे पेटली, रेशनकार्ड कोणी उचलले, परत आल्यावर चिखलातून काय निघाले, हे बायकांना विचारावे. त्या उत्तरांत शहराचा संसार आहे.

भाषाही अशीच सांभाळायची. कुंभारवाड्यातल्या माणसाला छापील मराठीत बोलायला लावले की तो परीक्षेला बसल्यासारखा होतो. फाळणीनंतर पिंपरीच्या छावणीत आलेल्या सिंधी कुटुंबातल्या आजोबांना मराठी आणि हिंदी उत्तम येत असली, तरी कराचीची किंवा शिकारपूरची घरातली हकीकत सिंधीत सांगू द्यावी आणि खाली मराठी शब्द द्यावेत. आठवण ज्या भाषेत साठली त्याच भाषेत ती सविस्तर निघते.

जिथे घडले तिथे घेऊन जाता आले तर न्यावे. तिथे पाय आठवतात. ओंकारेश्वराच्या काठावर उभे राहिल्यावर माणूस आपोआप आपल्या जुन्या वाड्याच्या दिशेला तोंड करतो, मग तिथे आता सात मजली इमारत का असेना. पण प्रत्येकाला न्यावे असे नाही. ज्याने त्या दिवशी घरातले माणूस गमावले त्याला आधी विचारावे, नकार आला तर तिथेच थांबावे, आणि होकार देऊन तिथे गेल्यावर मन बदलले तरी थांबावे. रडण्याचे दृश्य मिळवण्यासाठी प्रश्न रेटणे हे या कामातले सर्वांत वाईट वर्तन. लांझमान यांनी बोंबाला रेटले, यावर आजही मतभेद आहेत. त्या एका अपवादाचा आधार घेऊन हाताखालच्या सहायकाने कोणा आजींना रडवण्याचे काहीही समर्थन होत नाही. साठ वर्षांपूर्वीच्या दुःखाची खपली काढून निघून जाणारे पथक त्या घरात पुन्हा येणार नसते. रात्री त्या घरात काय होते ते घरच्यांनाच निस्तरावे लागते. चित्रीकरणानंतर दुसऱ्या दिवशी एक फोन करणे हा शिष्टाचार नाही, जबाबदारी आहे.

मग संकलन. तीन तासांच्या बोलण्यातून पडद्यावर तीन-चार मिनिटे येतात. या कापाकापीत दोन प्रकारे अन्याय होतो. एक म्हणजे शंकेची वाक्ये जातात. 'मला वाटतं,' 'नक्की सांगता यायचं नाही,' 'वडील असं सांगायचे' ही वाक्ये रटाळ वाटतात म्हणून कापली जातात, आणि ऐकीव गोष्ट पाहिलेल्या गोष्टीसारखी ठणठणीत होते. दुसरा म्हणजे एका साक्षीच्या आवाजावर दुसऱ्याच जागेचे जुने दृश्य लावले जाते. डेक्कनची आठवण ऐकू येते आणि पडद्यावर कसब्याचा चिखल दिसतो. प्रेक्षकाला कळत नाही, आणि वीस वर्षांनी कोणी संशोधक त्या माहितीपटालाच पुरावा मानतो. वैद्यांनी गोडसे भटजींच्या मजकुराचे जे केले तेच इथे घडते. म्हणून न कापलेले मूळ चित्रीकरण जपणे हे माहितीपटाइतकेच महत्त्वाचे, आणि बहुतेक ठिकाणी त्याचीच हेळसांड होते. चित्रपट महोत्सवात जातो, मूळ फिती कपाटात जातात, पुढे हार्ड डिस्क सुरूच होत नाही.

जपल्याचे फळ किती उशिरा आणि किती मोठे मिळते याचे एक उदाहरण ब्रिटनचे आहे. पहिल्या महायुद्धातल्या सैनिकांच्या मुलाखती बीबीसीने आपल्या १९६४ च्या मालिकेसाठी ध्वनिमुद्रित केल्या होत्या. त्यांतले पुष्कळसे त्या वेळी वापरलेच गेले नाही. पीटर जॅक्सन यांनी २०१८ मध्ये 'दे शॅल नॉट ग्रो ओल्ड' केला तेव्हा बोलणारा एकही सैनिक हयात नव्हता. चित्रपट मात्र आरंभापासून अखेरपर्यंत त्यांच्याच आवाजांवर उभा राहिला. पुण्यात राष्ट्रीय चित्रपट संग्रहालय आहे, चित्रपटाचे शिक्षण देणारी संस्था आहे, इतिहास संशोधक मंडळ आहे, विद्यापीठ आहे. मोडी कागदासाठी रुमाल बांधणाऱ्या शहराला बोलत्या माणसांचे दप्तर उभारणे अवघड जाऊ नये. प्रत्येक मुलाखतीबरोबर मुद्रणाची तारीख, जागा, घटनेच्या वेळचे वय, प्रश्न कोणी विचारले, खोलीत आणखी कोण होते आणि सांगणाऱ्याने कोणत्या वापराला संमती दिली एवढे लिहून ठेवले, आणि दोन वेगळ्या जागी प्रती ठेवल्या, तरी पुढच्या अभ्यासकाला पुरेल.

पानशेतच्या बाबतीत मोठ्यांच्या साक्षी घेण्याची वेळ जवळजवळ निघून गेली आहे. त्यानंतरच्या घटनांबाबत ती अजून हातात आहे. १९७२ च्या दुष्काळात खडी फोडायला गेलेल्या तिशीतल्या बाया आज ऐंशी पार आहेत. आणीबाणीत येरवड्याच्या तुरुंगात स्थानबद्ध असलेले तरुण कार्यकर्ते सत्तरी-ऐंशीत आहेत, आणि त्यांच्यावर पहारा करणारे शिपाईही. १९८२ च्या गिरणी संपात विशीत असलेला कामगार आता साठी ओलांडून गेला आहे. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे किल्लारीत ढिगारे उपसणारे गावकरी, मदतकेंद्र चालवणारे तलाठी आणि पुण्याहून धावलेले डॉक्टर यांतले पुष्कळ जण निवृत्तीच्या उंबरठ्यावर आहेत किंवा नुकतेच निवृत्त झाले आहेत. निर्णय घेतलेली माणसे, ते पाळलेली माणसे आणि त्यांचे परिणाम भोगलेली माणसे, तिन्ही एकाच वेळी उपलब्ध असलेल्या या घटना आहेत. मुलाखतींची यादी करताना त्यांतले निर्णय घेणारे सर्वांत आधी गाठावेत, कारण त्या वेळी वयाने मोठे तेच होते.